लोकरीची कसर : ओळख आणि बंदोबस्त

गोंडपिपरी तालुक्यात लोकरीचे कपडे वर्षातून जेमतेम दोन-तीन महिने अंगावर येतात. वर्धा आणि वैनगंगा या नद्यांच्या मधल्या पट्ट्यात पौष-माघाची थंडी बोचरी असते. परंतु होळी झाली की स्वेटर, शाली, ब्लँकेट ट्रंकेत जातात आणि दिवाळीनंतरच बाहेर निघतात. मधल्या काळात त्यांच्याकडे कोणी पाहत नाही, आणि त्यातला पावसाळा दमट असतो. कसरीला याहून सोयीचे घर मिळणे कठीण. दिवाळीनंतर ट्रंक उघडावी आणि भोके पडलेली शाल हाती यावी, हा अनुभव प्रस्तुत लेखकानेही घेतला आहे. त्या वेळी दोष मात्र उंदराला दिला गेला.

'कसर' हा शब्द आपण सैलपणे वापरतो. दप्तरातील कागद आणि पुस्तकांची खळ खाणारा चंदेरी, बिनपंखी किडा निराळा. लोकरीची कसर ही एका लहानशा पतंगाची अळी होय. हा पतंग वाळल्या गवताच्या रंगाचा, पंख मिटले असता सहा ते आठ मिलिमीटर लांबीचा असतो. त्याला उजेड सोसत नाही. म्हणून रात्री दिव्याभोवती घिरट्या घालणारे पतंग पाहून कपड्यांची चिंता करण्याचे कारण नाही. ते बहुधा शेतातून किंवा धान्याच्या कोठीतून आलेले असतात. ट्रंक उघडताच घडीच्या अंधाऱ्या भागाकडे जो तुरुतुरु पळतो, त्याच्यावर लक्ष ठेवावे.

पतंग स्वतः काहीच खात नाही. मादी कपड्याच्या घड्यांत सुमारे ४० ते ५० अंडी घालते आणि पुढील नासाडी अळ्या करतात. लोकर, केस, पिसे यांतील केराटिन हे प्रथिन पचविण्याची शक्ती फार थोड्या प्राण्यांत आहे, त्यांपैकी ही एक. तरीही निव्वळ स्वच्छ लोकरीवर तिचे पोषण नीट होत नाही. घामाचे आणि जेवणाचे डाग तिला लागतात. काखेत, गळ्याशी आणि शिवणीतच भोके अधिक का पडतात, याचे उत्तर यात आहे. भोकाशेजारी रेशमासारखे बारीक जाळे व वाळूसारखी विष्ठा दिसल्यास कसर निश्चित समजावी. हिची एक भावकी आपल्याभोवती पिशवी विणून ती अंगावर वागवीत हिंडते. भिंतीवर काकडीच्या बीसारखी चपटी, राखाडी पिशवी सरकताना अनेकांनी पाहिली असेल, तीही याच कुळातली.

पतंग म्हटला की तो वाईटच, असे या भागात तरी म्हणता येणार नाही. ऐन आणि अर्जुनाच्या झाडांवर वाढणाऱ्या टसर पतंगाच्या कोशावर आरमोरी परिसरातील अनेक घरांची चूल पेटते. त्याच टसरचे, करवतीच्या दातांसारखे काठ असलेले लग्नातले लुगडे न धुता ठेवले, तर मात्र कसर त्यालाही तोंड लावते. सुती आणि अॅक्रिलिक कपड्यांना ती सहसा शिवत नाही. सत्कारात मिळालेली शाल दहा वर्षे शाबूत राहिली असेल, तर ती खरी लोकर नव्हती, एवढेच समजावे! भजनी मंडळाच्या पेटीचे सूर अकस्मात फसफसू लागले तर आतील लोकरी बनात तपासावी. पुष्कळदा ती कसरीने खाल्लेली असते.

बंदोबस्ताचे उत्तम साधन आपल्याला फुकट मिळते. चंद्रपूरचा मे महिन्यातला पारा अनेकदा ४५ अंशांपुढे जातो. कपडे धुऊन, शिवणी ब्रशने झाडून, दुपारच्या उन्हात दोन्ही बाजूंनी तापवावेत. अळी उजेडाला कंटाळून खाली पडते, आणि कपड्याची ऊब ५० अंशांच्या वर काही तास राहिली तर अंडीही मरतात. रिकामी ट्रंकही उन्हात उघडी ठेवावी. कडुनिंबाचा पाला पतंगाला काहीसा दूर ठेवील. आत शिरलेल्या अळीला तो मारीत नाही.

डांबरगोळ्यांविषयी सविस्तर सांगणे आवश्यक आहे. त्यांची वाफ घट्ट बंद ट्रंकेतच काम करते. उघड्या कपाटात टाकलेल्या चार गोळ्या केवळ वास देतात. परंतु यांतील नॅफ्थलिन काही मुलांच्या रक्ताला घातक ठरते. 'जी-६-पीडी' या विकराची जन्मजात उणीव असलेल्यांच्या तांबड्या पेशी त्याने फुटतात. ही उणीव देशाच्या अनेक भागांत, आदिवासी समाजांतही आढळते आणि बाहेरून ओळखू येत नाही. नवजात बाळाला उबेत ठेवा, हे आपण माता-भगिनींना आवर्जून सांगतो. मग आजी मोठ्या मायेने ट्रंकेतील वासाची लोकरी दुपटी काढते, आणि बाळ तिसऱ्या दिवशी पिवळे पडते. अशी प्रकरणे वैद्यकीय वाङ्मयात नोंदली गेली आहेत. सबब बाळाच्या कपड्यांत डांबरगोळी कधीही ठेवू नये. मोठ्यांचे कपडेही वापरण्यापूर्वी धुऊन, दोन दिवस वाऱ्यावर टाकावेत. केवळ ऊन दाखवून वास गेला म्हणजे काम झाले, असे नव्हे. गोळी पेपरमिंटासारखी दिसते, त्यामुळे मुलांच्या हाती लागू देऊ नये. मुलाने ती गिळली, अथवा त्याची लघवी चहासारखी काळसर झाली, तर घरगुती उपाय न करता थेट रुग्णालय गाठावे.

आश्रमशाळांच्या अधीक्षकांनी वसतिगृहातील ब्लँकेट उन्हाळ्याच्या सुटीपूर्वीच धुऊन, वाळवून, बंद पेट्यांत ठेवावेत. सुटीनंतर हे काम काढले, तर मृगाचा पाऊस आडवा येतो.