गव्हाचा दाणा आणि पावाची भट्टी

बाजारात सर्व गव्हांना एकच नाव असले, तरी पाव फुगणार की बसणार हे बरेचसे दाण्याच्या जातीवर ठरते. गावोगावच्या महिला बचत गटांनी बेकरीचा व्यवसाय हाती घेतल्यापासून हा प्रश्न केवळ पाककलेचा राहिलेला नाही. चुकीचा गहू दळला, तर पीठ, इंधन आणि कर्जाचा हप्ता तिन्ही अंगावर येतात.

भारतात तीन प्रकारचे गहू पिकतात. त्यांपैकी सरबती गव्हाचे क्षेत्र सर्वाधिक आहे. चपातीचा व पावाचा गहू तो हाच. घरोघरी परिचित असलेला ‘लोकवन’ही याच गटातला, गुजरातमधील सणोसरा येथील लोकभारती संस्थेत तयार झालेल्या ‘लोक-१’ या वाणाच्या इंग्रजी उच्चाराचे ते बाजारी रूप होय!

पीठ मळताना त्यातील दोन प्रथिने एकत्र येऊन ग्लुटेनचे चिवट जाळे तयार होते. यीस्टमुळे निर्माण होणारा वायू त्यात अडकतो आणि पाव फुगतो. शाळेत हे सहज दाखविता येते. कणकेचा गोळा अर्धा तास पाण्यात ठेवून हलक्या हाताने धुवावा. पांढरे पाणी निघून गेल्यावर हाती रबरासारखा गोळा उरतो. पावासाठी हा गोळा मोठा व लवचिक हवा. बिस्किटांसाठी मात्र कमी प्रथिनांचा मऊ गहू बरा, अन्यथा बिस्किट खुसखुशीत न होता कडक होते.

बन्सी किंवा बक्षी गव्हात प्रथिने भरपूर असतात. पण त्याचे ग्लुटेन पुरेसे ताणले जात नाही. म्हणून केवळ त्याचा पाव दडस होतो. प्रथिने अधिक म्हणजे पाव उत्तम, हा समज येथे फसतो. या गव्हाचा खरा मान रवा, शेवया आणि कुरडया यांत आहे. दाणा कापला असता आतून शिंगासारखा चकचकीत दिसावा. नत्र कमी पडल्यास दाण्यावर पिठूळ ठिपके येतात आणि रव्याचा उतारा घटतो.

तिसरा खपली गहू कृष्णाकाठच्या सांगली, सातारा, कोल्हापूर भागात आणि उत्तर कर्नाटकात जुना. मळणीनंतरही त्याचे टरफल सुटत नाही. ते काढण्यासाठी दाणा कांडावा लागतो. या श्रमामुळे आणि कमी उत्पादनामुळे तो मागे पडला, जरी तांबेऱ्याला तो चांगला तोंड देतो. सडलेल्या दाण्यांची गुळाची खीर ही त्याची खास ओळख. पुरणपोळीला तो चालतो, नानकटाईलाही; पावाला एकटा पुरत नाही.

अलीकडे खपली ‘ग्लुटेनमुक्त’ म्हणून विकली जाते. हे चूक आहे. तिच्यातही ग्लुटेन असते, आणि सिलिॲक विकार असलेल्या बालकाला ती इतर गव्हाइतकीच वर्ज्य आहे. बचत गटांच्या पाकिटांवर असा मजकूर छापला जाणार नाही, हे ग्रामसेवकांनी व शिक्षकांनी पाहावे.