पूर्वजांचा माग आणि संदर्भग्रंथ

आपल्या घराण्याचा इतिहास शोधू पाहणारा मनुष्य प्रथम नावांच्या मागे लागतो. वस्तुतः नाव हे या शोधातील सर्वांत दुबळे साधन होय. एकाच गावात, एकाच काळी, एकाच नावाचे अनेक पुरुष असू शकतात. त्यांतील आपला पूर्वज कोणता, हे ठरविण्यासाठी स्थळ, परिभाषा आणि काल या तीन गोष्टींची उकल व्हावी लागते. ती करून देणारे ग्रंथ वंशावळींचे नसतात; तथापि त्यांच्यावाचून वंशावळ पुढे सरकत नाही.

उदाहरणादाखल फिजीतील भारतीय वंशाची कुटुंबे घेऊ. १८७९ ते १९१६ या काळात सुमारे ६० हजार स्त्रीपुरुष करारबद्ध मजूर म्हणून भारतातून त्या बेटांवर नेण्यात आले. त्यांच्या प्रवासपत्रांवर नाव, पित्याचे नाव, वय, जात, जिल्हा, ठाणे व गाव नोंदविलेले असे. नातवा-पणतवांच्या हाती आज बहुधा एवढाच दुवा उरलेला असतो.

पहिली अडचण स्थळाची. कारकुनाने गावाचे नाव कानाला ऐकू आले तसे रोमन लिपीत उतरविलेले असते. शिवाय जिल्ह्यांच्या सीमा बदलत जातात. फिजीला ज्या बस्ती जिल्ह्यातून फार मोठ्या संख्येने लोक गेले, त्यातून १९८८ मध्ये सिद्धार्थनगर आणि १९९७ मध्ये संत कबीर नगर हे जिल्हे निघाले. म्हणून आजचा नकाशा एकटा पुरत नाही. एच. आर. नेविल यांनी संपादिलेल्या संयुक्त प्रांतांच्या जिल्हा गॅझेटिअरांवरून त्या काळची ठाणी व परगणे कळतात. स्वातंत्र्योत्तर जनगणनेच्या जिल्हा पुस्तिकांत गावांच्या याद्या मिळतात. दोन्ही शेजारी ठेवून वाचल्या, तर अपभ्रष्ट नावामागचे गाव ओळखण्याची शक्यता निर्माण होते.

दुसरी अडचण परिभाषेची. मराठी वाचकास 'पट्टी' म्हटले की कर आठवतो. उत्तरेकडील महसुली दप्तरात ती गावाच्या मालकीतील एक वाटणी असते. 'खेवट' हे जमीनमालकांच्या हिश्शांचे, तर 'खतौनी' हे कसणाऱ्यांचे नोंदपत्रक. अशा शब्दांसाठी एच. एच. विल्सन यांचा १८५५ साली प्रसिद्ध झालेला न्याय व महसूलविषयक शब्दकोश आजही उपयोगी पडतो.

तिसरी अडचण कालाची. जुन्या दप्तरांत फसली सन आढळतो. त्यात ५९२ किंवा ५९३ मिळविले असता इसवी सन येतो. मात्र वर्षारंभ प्रांतपरत्वे भिन्न असतो. तिथी, संवत व शक यांचा मेळ घालण्यासाठी रॉबर्ट सेवेल आणि शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी १८९६ मध्ये सिद्ध केलेला भारतीय पंचांगविषयक ग्रंथ मार्गदर्शक ठरतो.

ही उकल झाल्यावरच परंपरागत नोंदी बोलू लागतात. हरिद्वारच्या पंड्यांच्या वह्यांतून यजमानांच्या कित्येक पिढ्या सापडतात. परंतु त्या वह्या मूळ गाव व जात यांच्या आधारे लावलेल्या असतात. गाव ठाऊक नसलेल्या मनुष्यास कोणत्या पंड्याकडे जावे, हेच कळत नाही.

येथे एक सावधगिरी बाळगावयास हवी. खेवटीत मालक येतो, खतौनीत कुळ येते. केवळ मजुरीवर जगणारा भूमिहीन दोन्हींत येत नाही. वंशावळींत स्त्रिया तर क्वचितच नावानिशी आढळतात. याउलट, ज्यांचे नाव गावच्या दप्तराने कधी लिहून ठेवले नाही, अशा कित्येक स्त्रिया व मजूर प्रवासपत्रावर आपापल्या गावासह नोंदले गेले. म्हणून एखादे नाव दप्तरात सापडले नाही, एवढ्यावरून ते घराणे त्या गावी नव्हते, असा निष्कर्ष काढू नये. ते दप्तर कोणी, कशासाठी आणि कोणाला वगळून लिहिले, हे आधी पाहावे. चांगला संदर्भग्रंथ उत्तराइतकीच ही दृष्टीही देतो.