रिबकेला विचारलेला प्रश्न

शास्त्रपाठ : उत्पत्ति 24:50-61, 26:34-35, शास्ते 14:1-10



सज्ञान मुलीने आईबापांच्या इच्छेविरुद्ध विवाह केला, म्हणजे आपल्या देशात पुष्कळदा बाप न्यायालयाची पायरी चढतो. मुलीला कोणी डांबून ठेवले आहे, असे सांगून तो हेबिअस कॉर्पसचा अर्ज करतो. केरळातील एका चोवीस वर्षांच्या तरुणीचे प्रकरण असेच होते. तिने इस्लाम धर्म स्वीकारून डिसेंबर 2016 मध्ये विवाह केला. मे 2017 मध्ये तेथील उच्च न्यायालयाने तो रद्द ठरवला. इतका मोठा निर्णय आईबापांच्या सहभागावाचून होऊ नये, असे त्याचे म्हणणे पडले. मुलगी माहेरी पाठवण्यात आली. 27 नोव्हेंबर 2017 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तिलाच समोर बोलावून विचारले, तेव्हा तिने स्वातंत्र्य मागितले. 8 मार्च 2018 रोजी तिचा विवाह पुन्हा वैध ठरला.

तिने सोडलेला धर्म आपला नव्हता, म्हणून हे वाचताना आपल्याला फारसे दुखत नाही. आपलीच मुलगी असती तर?

आता रिबकेकडे वळू. लाबान व बथुवेल यांनी तिला देण्याचे आधीच कबूल केले होते. तरीही निघण्याच्या वेळी ते तिला बोलावतात आणि या मनुष्याबरोबर जाशील काय, असे विचारतात. हिब्रूत तिचे उत्तर एकाच शब्दाचे आहे : ‘एलेख’. मराठीतही ते ‘जाईन’ या एका शब्दात मावते. भाषांतरकाराला असे भाग्य क्वचित लाभते! प्रामाणिकपणे सांगायचे, तर येथील वाद लगेच निघावे की दहा दिवसांनी, एवढाच आहे. परंतु 11 व्या शतकातील यहूदी भाष्यकार रशी याने याच वचनावरून, स्त्रीचे लग्न तिच्या संमतीवाचून लावू नये, असा नियम काढला.

एसावाची गोष्ट आईबापांच्या बाजूची आहे. त्याने हित्ती स्त्रिया केल्या, तेव्हा तो चाळीस वर्षांचा होता. त्यांच्यामुळे इसहाक व रिबका यांना जे झाले, त्यासाठी मूळ शब्द आत्म्याच्या कडूपणाचा आहे. शास्त्र ते दुःख लपवीत नाही. पण इसहाकाने ते विवाह मोडू पाहिल्याचे कोठेही लिहिलेले नाही. पुढच्याच अध्यायात म्हातारा बाप एसावालाच आशीर्वाद देण्यासाठी हाक मारतो.

आपल्या 1872 च्या ख्रिस्ती विवाह कायद्यात एकवीस वर्षांखालील वधूसाठी पित्याच्या संमतीची तरतूद आहे. ते वय ओलांडल्यावर नाही. पाळकाने अशा वधूला परत पाठवावे, अशी मागणी घेऊन येणारे वडील मी पाहिले आहेत. त्यांना मी शमशोनाच्या बापाविषयी वाचायला सांगतो. पलिष्टी मुलगी नको, असे त्याने मुलाला तोंडावर सांगितले. मुलगा ऐकेना, तेव्हा तो तिम्नाला त्याच्याबरोबर गेला आणि मेजवानीच्या वेळी त्या स्त्रीच्या घरीही गेला.