‘माझं सगळं ठीक आहे ना?’

प्रश्न : माझी मुलगी बारा वर्षांची आहे. मला पहिली पाळी आली तेव्हा आईने हातात कापड दिलं आणि लोणच्याला शिवू नको म्हणाली, एवढंच. बाकीचं मैत्रिणीच्या घरच्या मासिकातल्या प्रश्नोत्तरांतून चोरून वाचलं. त्या सदरांनी खरंच काही शिकवलं का?
– एक वाचक, खारदांडा

उत्तर : ताई, नक्की शिकवलं. मराठीत तर हे काम फार लवकर सुरू झालं. र. धों. कर्वे यांनी जुलै १९२७मध्ये मुंबईत ‘समाजस्वास्थ्य’ मासिक काढलं. ते मुलांसाठी नव्हतं, पण घरात कुणाला विचारता येणार नाही अशा शंकांची त्यात सरळ उत्तरं मिळत. हस्तमैथुन आणि समलैंगिकतेवरच्या अशाच उत्तरांपायी १९३४मध्ये त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला चालला. त्यांची बाजू डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मांडली. लैंगिक विषयावर लिहिलं एवढ्याने ते अश्लील ठरत नाही, असं त्यांचं म्हणणं होतं. निकाल विरुद्ध गेला, कर्व्यांना २०० रुपये दंड झाला. तरी १९५३मध्ये मृत्यू येईपर्यंत त्यांनी मासिक चालवलं. मला हा माणूस फार मोठा वाटतो.

पुढे डॉ. महिंदर वत्स यांनी वयाची ऐंशी उलटल्यावर ‘मुंबई मिरर’ या वृत्तपत्रात वाचकांच्या अशा शंकांना उत्तरं देण्याचं हेच काम हाती घेतलं.

अशा पत्रांमध्ये विषय कुठलाही असो, खाली बहुतेक वेळा एकच धास्ती असते : माझं सगळं ठीक आहे ना? दुसऱ्या कुणीतरी नेमकं आपलंच भय लिहिलेलं दिसलं की अर्धी लाज तिथेच जाते. मात्र आपल्या अनेक मासिकांनी एका पानावर मुलींना धीर दिला आणि पुढच्या पानावर गोरं करणारं क्रीम विकलं, याचा मला राग आहे.

लेकीशी तुम्हीच बोला, पाळी येण्याआधी. ती साधारण नऊ ते पंधरा वर्षांच्या दरम्यान कधीही येते. पहिली दोन-तीन वर्षं मागेपुढे होते. एक स्तन दुसऱ्यापेक्षा लहान असणं, अंगावर थोडं पांढरं जाणं यात काही बिघडलेलं नसतं. लोणचंही नासत नाही. पंधरा पूर्ण होऊनही पाळी आली नाही किंवा शाळा बुडवावी लागेल इतकं पोट दुखलं, तर डॉक्टरांकडे न्या. तिथे आपले प्रश्न तिला स्वतःला विचारू द्या.