पंपाची वीज तोडल्याचा वाद व दुसरे अपील

थकबाकीसाठी पंपाची वीज तोडण्यापूर्वी ग्राहकास पूर्ण १५ दिवसांची लेखी नोटीस देणे विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम ५६ अन्वये आवश्यक आहे. याविषयीचा दिवाणी दावा फेटाळला गेल्यास ३० दिवसांच्या आत जिल्हा न्यायालयात पहिले अपील करावे. तेथे पुरावा पुन्हा तपासला जातो. उच्च न्यायालयातील दुसऱ्या अपिलास ९० दिवसांची मुदत असली, तरी ते केवळ कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर चालते. नोटीस मिळाली होती काय, रक्कम भरली होती काय, हे वाद तेथे सहसा पुन्हा उघडले जात नाहीत. रु. २५,००० पर्यंतच्या पैसे वसुलीच्या दाव्यात तर दुसरे अपील मुळीच नाही. यास्तव नोटीस, बिले व पावत्या जपून ठेवून पहिल्याच न्यायालयात हजर कराव्यात. ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी ही गोष्ट शेतकऱ्यांच्या ध्यानी आणून द्यावी.