निकाल लागला, पुढे काय?

पेण तालुक्यात जिते नावाचे गाव आहे. समजा, तिथल्या एका शेतकऱ्याचे भाताचे खाचर शेजाऱ्याने बळकावले. शेतकऱ्याने पेणच्या दिवाणी न्यायालयात दावा लावला. निकाल त्याच्या बाजूने झाला. गावात पेढे वाटले. पण शेजारी हलेना. दोन पावसाळे गेले. शेवटी शेतकरी वकिलाकडे गेला.

“वकीलसाहेब, कोर्टाचा हुकूम हा मानत नाही. हा कोर्टाचा अवमानच झाला की! घाला त्याला तुरुंगात.”

“काका, तुम्ही दरखास्त दिलीत का?”

“ती कशाला? निकाल तर लागला!”

इथेच पुष्कळ माणसे चुकतात. निकालाच्या कागदाला हुकूमनामा म्हणतात. तो आपल्या पायांनी शेतावर चालत येत नाही. त्याची नक्कल घ्यावी आणि अंमलबजावणीसाठी न्यायालयात अर्ज द्यावा. हीच दरखास्त. मग न्यायालय बेलीफ पाठवते आणि ताबा देववते. जमिनीच्या ताब्यासाठी किंवा पैशासाठी दरखास्त १२ वर्षांच्या आत द्यावी लागते. मुदत गेली की जिंकलेला दावाही हातचा जातो. दरखास्त शक्यतो ६ महिन्यांत निकाली काढावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली सांगितले आहे.

मग अवमान कशाला म्हणतात? हुकूम ठाऊक असून जाणूनबुजून मोडणे, म्हणजे अवमान. नुसता उशीर म्हणजे अवमान नव्हे. उशिराला खरे कारण असू शकते. पण सरकारी कचेरीला उच्च न्यायालयाने मुदत घालून दिली, आणि कचेरीने मुद्दाम कागद दाबून ठेवला, तर अवमानाचा अर्ज करता येतो. तो एक वर्षाच्या आत करावा. १९७१ च्या कायद्याप्रमाणे ६ महिन्यांपर्यंत साधी कैद, २००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. मनापासून माफी मागितली, तर न्यायालय सोडूनही देते.

मोठ्या माणसाला कोण विचारणार, असे म्हणू नका. लाकडाचे कारखाने परवानगीवाचून सुरू करू देऊ नका, असा सर्वोच्च न्यायालयाचा हुकूम होता. तरी महाराष्ट्रात काही कारखान्यांना परवानगी दिली गेली. तेव्हाचे वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे सचिव अशोक खोत यांना न्यायालयाने दोषी धरले. त्यांची माफी मान्य केली नाही. मे २००६ मध्ये दोघांनाही एक महिन्याची कैद सुनावली.

जित्याच्या शेतकऱ्याने घरी येऊन हुकूमनाम्यावरची तारीख स्वतः वाचली. बोटांवर वर्षे मोजली. मुदत शिल्लक होती. दुसऱ्याच दिवशी त्याने दरखास्त दिली.

लक्षात ठेवा : निकाल लागला की नक्कल घ्या. तारीख वाचा. दरखास्त द्या. वकिलाला द्यायला पैसे नसतील, तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना तेथे वकील फुकट मिळतो.

सांगा पाहू :
१. दरखास्त म्हणजे काय?
२. ती किती वर्षांत द्यावी?
३. उशीर आणि अवमान यांत फरक कोणता?