कल्पित देश आणि भूगोलाचा पाठ

भूगोलाच्या तासाला नदी म्हणजे काय, हे मुले बिनचूक सांगतात. परंतु कोऱ्या कागदावर नदी काढावयास सांगितले, की त्यांतीलच काही मुले समुद्रातून डोंगराकडे रेघ ओढतात. व्याख्या पाठ झालेली असते. नदी उताराने वाहते, ही गोष्ट मात्र मनात उतरलेली नसते. ज्ञान वापरावे लागते तेव्हाच ते उमगते. ते वापरावयास लावणारा एक बिनखर्ची उपाय म्हणजे मुलांकडून एक कल्पित देश वसवून घेणे होय. इंग्लंडमधील एका खेड्यातील चार भावंडांनी हा उपाय जवळजवळ दोनशे वर्षांपूर्वी खेळाखेळात शोधून काढला होता. त्यांचा वृत्तांत शिक्षकांनी अभ्यासण्याजोगा आहे.

१. हॉवर्थची मुले

यॉर्कशर परगण्यात, उजाड माळरानाच्या कडेला हॉवर्थ हे गाव आहे. तेथे पॅट्रिक ब्राँटे हे धर्मोपदेशक होते. त्यांची पत्नी १८२१ साली वारली. वसतिशाळेत आजारी पडून घरी आलेल्या दोन थोरल्या मुली १८२५ साली गेल्या. मागे शार्लट, ब्रॅनवेल, एमिली व अ‍ॅन ही चौघे उरली. जून १८२६ मध्ये वडिलांनी लीड्स शहरातून ब्रॅनवेलसाठी बारा लाकडी शिपाई आणले. तेव्हा शार्लट दहा वर्षांची, तर अ‍ॅन अवघी सहा वर्षांची होती. प्रत्येकाने एकेक शिपाई आपला म्हणून निवडला व त्यास नाव दिले. हे बारा वीर गलबतात बसून आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर उतरले आणि त्यांनी 'ग्लास टाउन', म्हणजे काचनगर, वसविले, अशी कथा मुलांनी रचली.

२. देशाची मांडणी

नुसते नाव देऊन मुले थांबली नाहीत. त्यांनी नकाशा काढला, राज्ये पाडली, सेनापती व मंत्री नेमले आणि लढायांचा इतिहास लिहिला. १८२९ पासून त्या देशाची मासिकेही निघू लागली. साखरेच्या पुड्यांचा वगैरे रद्दी कागद कापून व शिवून केलेली ही पुस्तके आगपेटीएवढी होती. शिपायांच्या हातात शोभावीत असाच त्यांचा आकार होता. त्यांतील अक्षर छापील वळणाचे आणि इतके बारीक, की मोठ्या माणसांस ते सहज वाचता येऊ नये. शार्लटने चौदाव्या वर्षी लिहिलेले असे एक पुस्तक २०१९ साली पॅरिसच्या लिलावातून सहा लाख युरोंना विकत घेऊन हॉवर्थच्या संग्रहालयात परत आणण्यात आले.

१८३१ साली शार्लट शाळेसाठी परगावी गेली, तेव्हा धाकट्या एमिली व अ‍ॅन यांनी 'गोंडल' हा आपला स्वतंत्र देश उभारला. (गुजरातेतील गोंडलशी याचा संबंध नाही.) गोंडल हे उत्तर पॅसिफिक महासागरातील मोठे बेट आणि रेजिना ही त्याची राजधानी. तेथील माळ, धुके व थंडी मात्र थेट हॉवर्थची. दक्षिण पॅसिफिकमधील 'गालडीन' हे बेट त्यांनी उष्ण हवेचे कल्पिले होते. विशेष म्हणजे घरातील भूगोलाच्या पाठ्यपुस्तकात, खऱ्या स्थलनामांच्या यादीतच, अ‍ॅनने आपल्या कल्पित स्थळांची नावे हाताने लिहून ठेवली. पाठ्यपुस्तक तिने नुसते पाठ केले नाही. त्याच्या पद्धतीने विचार केला.

या चौघांपैकी तिघी बहिणींच्या कादंबऱ्या १८४७ साली प्रसिद्ध झाल्या आणि इंग्रजी साहित्यात टिकून राहिल्या. प्रत्येक मूल लेखक होईल, असा याचा अर्थ नव्हे. परंतु लिहिण्याचा सराव त्यांना वर्षानुवर्षे घडला, आणि तो आवडीने घडला, हे खरे.

३. एक उणीव

या खेळातील एक दोषही शिक्षकांनी ध्यानात घ्यावा. काचनगर वसले त्या भूमीवर अशांती लोक आधीपासून राहत होते. मुलांच्या कथांत ते केवळ हरविण्याचे शत्रू ठरले. त्या काळच्या मासिकांतून जे वाचले, तेच कल्पनेत उतरले. यास्तव वर्गात देश वसविताना, 'येथे आधी कोण राहत होते? त्यांचे काय झाले?' हा प्रश्न शिक्षकांनी अवश्य विचारावा.

४. वर्गातील पाठ (इयत्ता चौथी, चार तासिका)

पहिली तासिका : पाठकोऱ्या कागदावर बेटाची सीमारेषा, दिशा व प्रमाण. आधी डोंगर, मग नदी. हा क्रम मोडू देऊ नये.

दुसरी तासिका : पावसाचे वारे कोणत्या बाजूने येतात, हे गटाने ठरवावे. त्यावरून पिके ठरवावीत. सगळीकडे भात पिकतो असे एखाद्याने म्हटल्यास त्यास चूक म्हणू नये. 'डोंगरापलीकडे पाणी कोठून येते?' एवढेच विचारावे. सह्याद्रीच्या पश्चिमेस भात आणि पूर्वेच्या पठारावर ज्वारी-बाजरी का, हे याच वेळी मुलांच्या मुखातून निघते.

तिसरी तासिका : लोकांची घरे, अन्न, पोशाख, सण व न्यायनिवाडा. प्रत्येक चालीरीतीपुढे 'का?' लिहावे. छपरे उतरती का? सण कापणीनंतर का?

चौथी तासिका : त्या देशाचे वर्तमानपत्र किंवा प्रवाशाचे पत्र लिहून लहान पुस्तक शिवावे. ज्यास लिहिणे जड जाते, त्याने नकाशा रंगवून तोंडी माहिती सांगावी.

५. मूल्यमापन

चित्राची सुबकता पाहू नये. आपल्या देशातील एखादी गोष्ट तशी का, याचे कारण मुलास सांगता येते की नाही, हे पाहावे. नदीचा उगम व मुख त्याने योग्य जागी दाखविले, म्हणजे व्याख्या समजली असे मानण्यास हरकत नाही.

कल्पित देश म्हणजे खोटेपणा नव्हे. राजे कोणतेही कल्पावेत, पण पाणी उताराकडेच वाहिले पाहिजे. ही अट पाळून ज्या मुलाने एक बेट वसविले, ते आपल्या गावाच्या ओढ्याकडेही निराळ्या नजरेने पाहू लागते. भूगोलाच्या शिक्षणाचे प्रयोजन तरी याहून वेगळे कोणते?